पळसाच्या पानांची आत्या

जबलपूरच्या सिव्हिल लाइन्समधल्या त्या फेरीला जायचा हट्ट आत्याचा होता. माझा रविवार गाद्यांना ऊन दाखवण्यात आणि भाज्या निवडण्यात जातो. रिछाईच्या कारखान्यातून सहा दिवस माल रवाना केल्यावर सातव्या दिवशी पैसे भरून पायी हिंडायची हौस कोणाला असते? पण आत्यानं मोबाइलवर जाहिरात पाहिली. कंपनी सरकारच्या काळात या भागात दरबारांचे वकील उतरायचे, ते बंगले आता चालत फिरून दाखवतात म्हणे. त्यातल्या एका फोटोत तिला फाटक ओळखू आलं.

"माझं फाटक आहे ते," ती म्हणाली. "यावर बसून मी जांभळं खाल्ली. चल."

त्या बंगल्यात पुढं सरकारी अधिकारी राहायला लागले आणि मागच्या क्वार्टरमध्ये त्यांच्या ऑफिसातले हेडक्लार्क, म्हणजे माझे आजोबा. आत्या तिथंच वाढली. विसाव्या वर्षी ती खमरियाच्या कारखान्यातल्या एका फिटरबरोबर निघून गेली. तो भंडाऱ्याकडचा, बौद्ध. आम्ही भोसल्यांच्या चाकरीत इथं आलेले आणि तेवढाच तोरा उरलेले. त्यानं नागपूरकडच्या कारखान्यात बदली मागून घेतली. दोघं परत आली तेव्हा आजी-आजोबा दोघंही गेले होते. मग रांझीत घर झालं, बाबांशी आणि मोठ्या काकांशी बोलणं सुरू झालं, राखी-भाऊबीज सुरू झाली. सगळं उघड होतं. निदान मी तसं समजत होते.

एकच गोष्ट आत्या अधूनमधून विचारायची. आजोबांनी तिला तोडलं, ते ठीक, ते तसेच होते. पण आईनं? आई मनापासून सामील होती, की धाकानं गप्प बसली? बाबा असेपर्यंत "जाऊ दे ना आता" एवढंच म्हणायचे. काका विषय बदलायचे. आत्याचे यजमान वारल्यापासून ती हे जास्तच विचारायला लागली होती.

फेरीत आम्ही आठ-दहा जण होतो. गाईड तिशीतली मुलगी, कमरेला छोटा स्पीकर बांधलेला. बोलायची छान. कोर्टातले वकील वेगळे आणि राजांनी पाठवलेले वकील वेगळे, हे तिनं आधी समजावलं. मग कंपनीच्या एजंटसाहेबाची भेट मिळेपर्यंत हे वकील कुठं तंबू ठोकून बसायचे, नजराणा कोणत्या दारानं आत जायचा, कोणाला खुर्ची मिळायची आणि कोणाला सतरंजी, हे सगळं. मला खुर्चीचं प्रकरण पटलं. आमच्या ऑफिसात अजून तेच चालतं.

ओळखीच्या फाटकातून आत शिरलो. बंगल्यात आता कुठलंसं ऑफिस आहे, रविवारी बंद. गाईडनं चौकीदाराला हात केला आणि आम्हाला बाजूनं मागं नेलं. तिथं विहीर होती. वर लोखंडी जाळी, मोटरचा पाइप.

"अब थोड़ा पास आ जाइए," ती आवाज उतरवून म्हणाली. "राजा-वकील तो बहुत हो गए. अब इस कोठी की असली कहानी सुनिए."

आणि तिनं भुताची गोष्ट सुरू केली. मागच्या क्वार्टरमध्ये एक मराठी बाबू राहायचे. त्यांची तरुण पोरगी प्रेमात पडली, घरच्यांनी अडवलं, तिनं या विहिरीत उडी मारली. सकाळी काठावर फक्त चपला मिळाल्या. गळ टाकले, प्रेत निघालं नाही. म्हणून घरच्यांनी पळसाच्या पानांचा पुतळा केला, त्याला अग्नी दिला, तेरवी केली. "लेकिन पत्तों को जलाने से मुक्ति थोड़ी मिलती है," गाईड म्हणाली. "आज भी अमावस को वो यहीं बैठती है. बाल खोलके."

एका मुलानं लगेच जाळीवर टॉर्च मारला.

मी आत्याकडं पाहिलं. ती शाल घट्ट धरून उभी होती. केस तेल लावून चापून बांधलेले, पायात पांढरे बूट. सगळ्यांच्या मधोमध.

मला आधी हसूच येणार होतं. मग पानांचा पुतळा डोक्यात शिरला आणि हसू गेलं. गोष्ट बनवणारा माणूस केस मोकळे सोडतो, पैंजण वाजवतो. पळसाच्या पानांचा पुतळा त्याला सुचत नाही. तो विधी प्रेत न मिळालेल्या माणसासाठी आपल्याकडं खरंच करतात. हे घडलं होतं. माझ्या आजोबांनी जिवंत पोरीला अग्नी दिला होता.

आणि तेव्हाच मला रांझीचा बाजार आठवला. मी शाळेत होते. बाबा भाजी घ्यायला गेले आणि तिथं इतक्या वर्षांनी बहीण समोर दिसल्यावर चक्कर येऊन मेथीच्या ढिगात पडले. घरात हा विनोद म्हणून सांगायचे. बहिणीवर भारी जीव, बघा! बाबासुद्धा हसायचे. आता कळलं, त्या दिवशी बाबांनी तेरवी झालेली बाई वांगी निवडताना पाहिली होती.

"हे कोणी सांगितलं तुला?" आत्यानं मराठीतच विचारलं. गाईडला कळलं नाही. मग हिंदीत, "किसने बताया, बेटा?"

"वो पीछे माली वाली अम्मा हैं ना, उनके घर से सुना. सच्ची है आंटी जी, डरिए मत."

"मैं काहे को डरूँगी," आत्या म्हणाली आणि सरळ मागच्या खोल्यांकडं चालू लागली.

माळ्याची बायको दारात बाजेवर बसून वाटाणे सोलत होती. आत्याच्याच वयाची. आत्या लहान असताना नाही, पण जायच्या वर्षभर आधी ती इथं सून म्हणून आली होती. तिनं वर पाहिलं, थाळी बाजूला ठेवली, पुन्हा पाहिलं.

"दीदी?"

"हव," आत्या म्हणाली. "भूत. दिन में भी निकलती हूँ."

म्हातारीनं आत्याचा हात धरला, मग कोपरापर्यंत चाचपून पाहिला. मी मध्ये पडले. भेटीगाठी नंतर, म्हटलं, आधी काय झालं ते सांगा. ती माझ्याकडं बघून म्हणाली, "ये किसकी है? बोलती तो माताजी जैसी है." माताजी म्हणजे माझी आजी.

मग तिनं सांगितलं. त्या रात्री पोरगी घरात नाही म्हटल्यावर आजोबा ओरडले आणि मोठ्या काकांनी सायकल काढली, हातात लोखंडी रॉड. खमरियात फिटरचं क्वार्टर कोणतं, तेवढंच शोधायचं राहिलं होतं. पहाटे पुन्हा निघणार होते. माळ्याची बायको पाणी भरायला उठली तेव्हा अंधारातून आजी विहिरीकडं येताना दिसली. पदराखाली काहीतरी. आजीनं काठावर चपला ठेवल्या, एक सरळ, एक उलटी पाडली. मग या दोघींची नजरानजर झाली.

"बोलीं, तूने कुछ नहीं देखा. और फिर ऐसी चीख मारी, दीदी, कि मेरे हाथ से घड़ा छूट गया. मुझे तो पता था, फिर भी छूट गया."

"चपला कोणत्या?" आत्यानं विचारलं.

"पुरानी. खाट के नीचे वाली."

"नव्या मी घालून गेली होती," आत्या मला म्हणाली. "और वो पत्ते? पुतळा?"

"छेवले के पत्ते हमारे इनसे ही मँगवाए. माताजी ने खुद बोला, पक्का काम करो, पंडित बुलाओ. बाबूजी तो नहीं करना चाहते थे." छेवला म्हणजे आपला पळस.

म्हणजे धाक नव्हता, आणि सामील होणंही नव्हतं. सगळं आजीनंच घडवून आणलं होतं. पोरीला मारून टाकलं, म्हणजे तिच्यामागं रॉड घेऊन कोणी जाणार नाही. मी हिशोबी बाई आहे, माणसं अडचणीत काय काय करतात ते मला ठाऊक आहे, पण हे माझ्या डोक्यात मावेना. आजी मला आठवते ती फोटोतली, नऊवारीतली, कॅमेऱ्याला घाबरलेली.

आत्या बाजेवर बसली नाही. म्हातारी चहा टाकते म्हणाली, तर आत्या म्हणाली, "फिर आऊँगी." गाईड घोळका पुढं पाठवून परत आली होती. तिच्या कानावर अर्धंमुर्धं पडलं असावं, कारण तिनं स्पीकर बंद केला होता.

"आंटी जी, सॉरी. मुझे सच में नहीं पता था."

"तुला काहून माहीत राहील? मलाच नव्हतं."

रिक्षात बसल्यावर मी रांझी सांगितलं. आत्यानं भैयाच्या खांद्याला बोट लावलं. "नहीं भैया, राइट टाउन." राइट टाउनला मोठे काका राहतात.

"आत्या, त्यांचं वय बघ. आज नको."

"माझं बी वय आहे. रॉड मला ठाऊक होता. यजमानांना कोणीतरी सांगितलं होतं, म्हणून तर आम्ही शहर सोडलं. तरी मी दरवर्षी त्याला राखी बांधून राहिली. पाणी सोडलं त्यानं माझ्या नावानं, आणि राखीचे पाचशे रुपये देतो!"

काका ओसरीत पेपर वाचत होते. काकू देवळात गेलेल्या. "अरे, आज कशी काय?" म्हणून ते उठायला लागले. आत्यानं त्यांना उठू दिलं नाही.

"माझ्या तेरवीला काय होतं रे जेवायला?"

मला वाटलं ते आता कुठली तेरवी, कोणाची तेरवी म्हणतील. त्यांनी चष्मा काढला. पेपराची घडी घातली, ती नीट बसली नाही, पुन्हा घातली.

"बुंदीचे लाडू," ते म्हणाले. "कोणी सांगितलं?"

"माळिणीनं. रॉड घेऊन निघाला होतास ना?"

"निघालो होतो."

"आणि आईनं चपला ठेवल्या म्हणून थांबलास. मूर्ख बनवलं तिनं तुला."

"तेरा दिवस," काका म्हणाले. "मग तेरवीला पंगत बसली. आई लाडू मागून घेत होती. ज्या बाईची पोरगी विहिरीत गेली, ती लाडू मागते काय? बाकी बायका तोंडाला पदर लावून बसल्या होत्या. मी वाढत होतो. माझ्या हातात परात होती."

आत्याच्या हातातली पिशवी खाली पडली. मी उचलली नाही.

"तुम्हाला माहीत होतं," मी म्हणाले. "तेव्हापासून. आणि बाबांना? त्यांना रांझीच्या बाजारात चक्कर येईपर्यंत?"

"तुझा बाप तेरा दिवस हंबरून रडला. त्याच्याकडं बघूनच लोकांनी खरं मानलं. त्याला सांगितलं असतं, तर दुसऱ्या दिवशी सगळ्या जबलपूरला समजलं असतं."

बाबांना जाऊन तीन वर्षं झाली.

आत्या काकांच्या समोर उभी होती. "तुला समजलं. मग खमरियात काहून नाही आला? रॉड तर घरातच होता."

काकांनी चष्म्याची दांडी उघडली, मिटली.

"आईनं दुसरा लाडू संपवला. मी तिच्या पानात तिसरा वाढला. तिनं माझ्याकडं बघितलं, आणि तोही खाल्ला. नंतर आम्ही दोघं त्यावर कधी बोललो नाही."