मुंग्या यायल्यात का?

शिवकन्येला जखमेची किळस कधी आली नाही. सासूच्या, धुरपताबाईंच्या, छातीवर कॅन्सरची गाठ परत वर येऊन फुटली होती, आणि बोरी गावातल्या घरात दोन वर्षं ती जखम तिनंच धुतली. किळस यायची नवऱ्याची. भागवत आईच्या खोलीत शिरला तर नाकाला रुमाल लावून. "बरं हाय का?" म्हणायचा आणि उत्तर यायच्या आत बाहेर. असल्या लेकाचं काय लोणचं घालायचं?

पाठीच्या कळांसाठी परभणीच्या फिजिओथेरपीवाल्या हेमा मॅडमनी, डॉक्टरांना विचारून, करंटचं छोटं मशीन दिलं होतं. पट्ट्या फक्त पाठीला, वीस मिनिटं, हलक्या मुंग्या येतील एवढ्याच. "गाठीवर नाही, आणि रेडिएशन दिलेल्या कातडीवर तर मुळीच नाही. तिथं यांना भाजलेलंसुद्धा कळणार नाही," त्यांनी बजावलं होतं. शिवकन्येनं ते तंतोतंत पाळलं. म्हातारी पुन्हा भिंतीला टेकून लसूण सोलायला लागली.

मग भागवत देवगाव फाट्यावरच्या कसल्याशा शिबिराला जाऊन आला. तिथं कोण्या पांढऱ्या कोटवाल्यानं सांगितलं, गाठ करंटनं जळून जाते. मरणाऱ्या माणसांवर धंदा करताना त्या मेल्याची जीभ झडली कशी नाही! शिवकन्या दळण आणायला गेली, तेवढ्यात यानं पट्ट्या सरळ गाठीवर चिकटवल्या.

"मुंग्या यायल्यात का?"

"यायल्यात."

तो विचारत राहिला, बटण वाढवत राहिला. तासाभरानं शिवकन्येनं येऊन पट्टी सोडवली, तर पट्टीसोबत कातडीही निघाली.

दुसऱ्या दिवशी घरी आलेल्या हेमा मॅडमनी मलमपट्टी होईपर्यंत दम धरला. मग विचारलं, "आजी, तिथं तुम्हाला काहीच कळत नाही. मग हो का म्हणालात?"

धुरपताबाई दाराकडं बघत म्हणाल्या, "न्हाई म्हणले असते तर उठून गेला असता की, बाई. लेक पहिल्यांदाच तासभर जवळ बसला होता."

शिवकन्या तशीच उठून बाहेर आली. भागवत बाकड्यावर बसून मोबाईलवर त्याच कोटवाल्याचं भाषण ऐकत होता.

"अहो, मशीनला हात लावू नका. ते मी बघीन. तुमी नुस्तं बसत जा आईपाशी. रोज तासभर."

"बसतो की. त्यात काय?" तो उठला, आणि आत शिरण्याआधी त्यानं खिशातून रुमाल काढला.