पेंटरचाचांची आक्का

ज्याच्यावर चित्र काढलं, त्याला ते छापण्याआधी नेऊन दाखवायचं, ही पेंटरचाचांची रीत होती. लातूरच्या आमच्या दैनिकात पहिल्या पानाच्या उजव्या कोपऱ्यातलं व्यंगचित्र ते काढत. दुपारी चित्र झालं की जुन्या पेपरच्या घडीत घालून सायकलवर निघायचे. नगरपालिका असो की पाणीपुरवठ्याचं ऑफिस, थेट साहेबाच्या टेबलावर चित्र ठेवून समोर उभे राहायचे. परवानगी मागायला नव्हे, नुसतं दाखवायला. "पाठीमागून मारायचं नाही, बेटा," ते मला म्हणाले होते. "सामने उभं राहून मारलं की माणूस निदान चहा तरी पाजतो."

एका नगरसेवकाने त्यांना चहा पाजून हळूच विनंती केली, की चाचा, पोट जरा कमी करा. चाचा म्हणाले, "पोट तुमचं हाय साहेब. तुम्ही कमी करा, मी लगेच नवीन काढतो." चित्र होतं तसंच छापून आलं आणि पुढच्या ईदला तोच नगरसेवक त्यांच्याकडे शिरखुर्मा खायला हजर होता.

त्यांना व्यंगचित्रकार म्हटलेलं आवडत नसे. त्यांचे वडील नांदेडला सिनेमाचे बोर्ड रंगवत, तेच काम ते शिकले आणि दुकानांच्या पाट्या रंगवायला लातूरला आले. आमच्या संपादकांचं अर्कचित्र त्यांनी एका पानटपरीच्या फळीवर काढलं होतं. ते बघून संपादकांनी त्यांना बोलावून घेतलं. पहिल्या पानावर चित्र येऊ लागलं तरी ते पेंटरच राहिले. म्हणायचे, "व्यंगचित्रकार म्हटलं की लोक नमस्कार करतात. पेंटर म्हटलं की बोलतात."

माझी त्यांची ओळख भूकंपानंतरची. आमचं गाव किल्लारीजवळ. घर पडलं, त्यात माझा धाकटा भाऊ दत्ता गेला. तो शाळेत जात होता, त्याचे कान मोठे होते आणि त्यावरून मी त्याला चिडवायची. यापेक्षा जास्त मला इथे लिहायचं नाही. आम्ही पत्र्याच्या शेडमध्ये राहायला गेलो. रोज कुणीतरी कॅमेरा घेऊन यायचं आणि आई पदर तोंडावर ओढून घ्यायची.

चाचा आले ते कॅमेऱ्याशिवाय. शेडच्या सावलीला बसून कागदावर काहीतरी गिरवत होते. आईने विचारलं, "तुमी काय वाटायलाव?" कारण जो येई तो काहीतरी वाटायलाच येई.

"काही नाही. चित्र काढतो."

"मग काढा. पर कडंला सरका, मला भाकरी टाकायची हाय."

तेवढ्यात पाहणीला एक अधिकारी आले आणि काही अडचण आहे का म्हणून विचारू लागले. आई म्हणाली, "सायेब, तुमी तवा उगाच दिला. दुपारी भाकर पत्र्याला लावली की भाजती." अधिकारी हसले नाहीत. चाचा हसले आणि कागदाकडे वळले.

दोन दिवसांनी ते जीपने परत आले. अधिकाऱ्याला चित्र दाखवून झालं होतं, आता आईला दाखवायचं होतं. चित्रात ती होती. कमरेवर हात, मोठं कुंकू, एक भुवई वर. आईने बराच वेळ पाहिलं. "नाक लई मोठं केलं," ती म्हणाली. "पर हाय तसंच हाय." मग तिने अट घातली. "माझं तोंड घ्या. माझं बोलणं बी घ्या. माझा दत्ता तेवढा घेऊ नका."

चाचांनी कानाला हात लावला. "न्हाई घेणार, आक्का."

अशी आमची आई पेपरात आक्का झाली. नव्या घरांच्या भिंतींना चिरा पडल्या, आक्का त्या चिरेत बोट घालून ठेकेदाराला विचारायची, हे दार आहे का. टँकर आला नाही, आक्का रिकाम्या घागरीत डोकावून हाका मारायची. चित्रात ती नेहमी एकटी असे. आईला वाचता येत नव्हतं. पेपर आला की ती माझ्यापुढे धरायची, "मी आज काय बोलले ते वाच." ऐकून कधी म्हणायची, बरोबर बोलले. कधी म्हणायची, हे मी जरा जास्तच बोलले. बाजारात भाजीवाले तिला थांबवून विचारायचे, "आक्का, उद्या कुणाचा नंबर?"

मला त्या दैनिकात चाचांनीच लावलं. आई नव्या गावठाणात राहिली, मी लातूरला खोली केली. छापखान्यात बाई म्हणजे मी एकटीच. संपादकांनी कां-कू केलं तेव्हा चाचा म्हणाले, "आक्काची पोरगी हाय. तिच्याकडून एक चूक झाली तर दुसरी तुम्हीच कराल." याचा अर्थ संपादकांना कळला नाही, मलाही नाही, पण काम मिळालं. पान लावायला, म्हणजे बातम्या, चित्रं, जाहिराती पानावर बसवायला त्यांनीच शिकवलं.

मग क्लासेस आले. आसपासच्या जिल्ह्यांतून ट्रंका घेऊन पोरं उतरू लागली, गल्लीगल्लीत मेस आणि होस्टेल झाली. पहिल्या पानावर खालून जाहिराती चढू लागल्या आणि एके दिवशी आक्काचा कोपरा तिसऱ्या पानावर गेला. पान मीच लावलं.

त्या आठवड्यात त्यांनी क्लासवर चित्र काढलं. पुस्तकावर डोकं टेकून झोपलेला मुलगा आणि त्याच्यावर पदराने वारा घालणारी आक्का. सरांना म्हणत होती, "गुरुजी, हळू बोला, पोरगं शिकायलंय." चांगलं चित्र होतं. रीतीप्रमाणे चाचा ते दाखवायला शहरातल्या एका मोठ्या क्लासच्या सरांकडे गेले. संध्याकाळी रिकाम्या हाताने परतले. मी विचारलं, चित्र कुठाय? "सरांनी ठेवून घेतलं," ते म्हणाले. "चहा पाजला." त्या दिवशी कोपऱ्यात मला जुनं चित्र लावावं लागलं.

महिनाभराने आई माझ्याकडे आली. पिशवी खाली ठेवली, पाणीसुद्धा घेतलं नाही.

"औसा रोडला मी हाय," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"मोठ्या पाटीवर. मी हाय आन बाजूला पोरगं हाय. खाली काय लिवलंय ते बघून ये."

मी जाऊन पाहिलं. क्लासचा बोर्ड होता, दोन मजली घराएवढा, हाताने रंगवलेला. त्यावर आक्का होती, तीच भुवई, तेच कुंकू. तिचा हात एका मुलाच्या खांद्यावर होता. मुलाच्या अंगात पांढरा कोट, गळ्यात स्टेथोस्कोप. खाली लिहिलं होतं: आक्काचा लेक डॉक्टर झाला, तुमचा कधी होणार? मुलाचे कान लहान होते. चाचांनी दत्ताला पाहिलेलं नव्हतं.

मी तशीच ऑफिसला गेले. चाचा ब्रश धूत होते.

"आईला दाखवलं होतं?"

"क्लासचे सर म्हणाले, बोर्डावर आक्का एकटी नको. एकटी बाई बघून कोण पोराला क्लास लावंल?"

"मी ते विचारलं नाही."

त्यांनी ब्रश पुसला. "कलेक्टरकडं चित्र घेऊन थेट आत शिरलो. आक्काकडं निघालो आणि औशाहून परत फिरलो."

"ती नको म्हणेल म्हणून."

"हाव," ते म्हणाले.

ते खोटं बोलले असते तर मला सोपं गेलं असतं. त्यांनी मला काम दिलं, हातात पान दिलं. आमच्या घरात काय बोलायचं नाही, हे घराबाहेरच्या त्या एकाच माणसाला माहीत होतं, आणि तेच त्यांनी रस्त्यावर लावलं.

बोर्ड वर्षभर राहिला. पेपरातली आक्का पाण्यावर, रस्त्यावर बोलतच होती, पण एका वाचकाने फोन करून सांगितलं, आक्काला म्हणावं आधी क्लासची फी विचार. आईने पेपर माझ्यापुढे धरणं सोडलं. तिच्या गावात ज्यांना दत्ताचं माहीत होतं ते बोर्डाचा विषय काढत नसत. बाहेरच्यांना कुठून माहीत असणार? एकदा औशाच्या बाजारात एका बाईने तिला ओळखलं आणि विचारलं, "आक्का, माझ्या नातवाला ताप हाय. तुमच्या डॉक्टरला दाखवता येईल का?"

आई म्हणाली, "तो बाहेरगावी असतो."

हे तिने मला भांडी घासता घासता सांगितलं. त्यानंतर मी चाचांशी कामापुरतंच बोलले.

पुढे फ्लेक्स आले. क्लासवाल्यांना गुणवंतांचे खरे फोटो मिळू लागले, आक्का बोर्डावरून उतरली. पेपरातला कोपराही बंद झाला. संपादक म्हणाले, आता ते कुणी बघत नाही. चाचांची दृष्टी अधू झाली होती, त्यांनी नांदेडला लेकीकडे जायचं ठरवलं. जाण्याआधी ते गावठाणात आईकडे आले. मी सुट्टीवर तिथेच होते. खूप वाळले होते. आईने स्टूल दिलं, चहा केला. ते कप हातात धरून बसले.

"आक्का, राग गेला का?"

"न्हाई," आई म्हणाली. "चहा घ्या, गार होतोय."

त्यांनी चहा घेतला. ते उठले, मी दाराशी गेले नाही. आईने चपला घातल्या आणि त्यांची पिशवी घेऊन त्यांच्याबरोबर स्टँडवर गेली. बऱ्याच वेळाने परतली.

"काय म्हणाले?"

"काय न्हाई. लातूरची गाडी लई भरून आलती. मी खिडकीतून पिशवी टाकून जागा धरली, मग बसले."

"राग आहे म्हणालीस ना?"

"हाय की," आई म्हणाली. "म्हणून काय म्हाताऱ्या माणसाला लातूरपतुर उभं जाऊ द्यायचं?"