मास्कमधली हजेरी

कुकटपल्लीतल्या एका औषध कारखान्यात मी गोळ्यांची पाकिटं भरायला जात होते. कारखान्याची नव्हे, ठेकेदाराची माणूस. हजेरीची रीत अशी की आधी गाऊन, टोपी, मास्क चढवायचे, मग पॅकिंगच्या दाराशी ओळीने उभं राहायचं आणि सुपरवायझरने फोटो काढून ग्रुपवर टाकायचा. झाली हजेरी. सही नाही, अंगठा नाही. आम्हाला ते भलतंच सोयीचं वाटे.

मग ठेकेदाराने तीन महिने पगार थकवला आणि एका सकाळी गेटवरच सांगितलं, काम संपलं. माझं घरभाडं राहिलेलं, घरमालकीण रोज जिन्यात उभी. मी एकदा चिडले की मागे हटत नाही. घरचे याला खोड म्हणतात. हिमायतनगरात एक म्हातारे मराठी वकील आहेत, पिढ्यान्‌पिढ्या इथलेच. आम्ही बायका त्यांच्याकडे गेलो.

"ठेकेदाराने पगार बुडवला तर तो कंपनीने द्यायचा, असा कायदा आहे," ते म्हणाले. "पैसे चुकते केले हे त्यांनी सिद्ध करायचं. पण बाई, तुम्ही तिथे कामाला होतात, एवढं आधी आपल्याला दाखवावं लागेल."

"फोटो आहेत ना," मी ऐटीत फोन पुढे केला.

त्यांनी चष्मा वर केला, खाली केला. "यातल्या तुम्ही कोण?"

प्रत्येक फोटोत नुसते डोळे. आम्ही एकमेकींना डोळ्यांवरूनच ओळखायचो, त्यामुळे दुसऱ्या कुणाला ओळखू येणार नाही हे मनातही आलं नव्हतं. मी हसले.

तरी कामगार अधिकाऱ्याकडे दावा लागला. तिथे ठेकेदाराचा माणूस भेटला. त्याने कधी आवाज चढवला नाही. व्हरांड्यात प्रत्येकीजवळ येऊन मायेने विचारायचा, "बच्चे कौनसे स्कूल कू जाते तुम्हारे?" एवढंच. पुढच्या तारखेला बायका कमी आल्या. कुणाचा फोन बंद, कुणी गावाला गेलेली. एकदा तो माझ्या गल्लीच्या तोंडाशी चहा पीत उभा दिसला आणि ओळखीचं हसला. शिवी दिली असती तर मी दोन परत दिल्या असत्या. त्या हसण्याची मात्र मला भीती वाटली, आणि अजून वाटते.

माझी सगळी भिस्त अक्कावर होती. ती तेलुगू, माझ्याहून थोरली, पॅकिंगच्या टेबलावर माझ्या शेजारची. मला काम तिनेच शिकवलं, आणि डब्यातली पप्पू, म्हणजे त्यांच्याकडची डाळ, माझ्या भातावर वाढल्याशिवाय ती जेवत नसे. "मैं बोलतूं ना साब के सामने, काय कू डरते?" म्हणायची. पुढे तीही फोन उचलेना. मागून कळलं की ठेकेदाराने तिच्या मुलीला आपल्या दुसऱ्या युनिटात कामाला लावून घेतलंय.

आणि पुढच्या तारखेला अक्का आली, ती त्यांच्या बाजूने.

हे फोटो आम्हा बायकांचे नाहीतच, असं ठेकेदाराचं म्हणणं होतं. फोटोत माझ्या शेजारी अक्का आहे असं मी आधीच सांगितलं होतं, म्हणून अधिकाऱ्याने तिला विचारलं. ती जमिनीकडे बघत म्हणाली, "मैं वहां कामच नै करी साब. इसकू कभी देखीच नै."

"फोटो में ये तुम नहीं हो?"

"चेहरा नै दिखता ना साब. कोई भी हो सकता."

मला रडू यायला हवं होतं, पण आला तो संताप. इतकी वाढलेली पप्पू आणि आता मला ओळखत नाही? मी उठून म्हणाले, "साब, इनकू मास्क लगाने बोलो. मैं भी लगातूं. बाजू-बाजू खडे रहते."

वकीलसाहेबांना दम्यामुळे मास्क जवळ लागतातच. त्यांनी दोन काढून दिले. अक्काने हात मागे घेतला, पण अधिकारी बघत होता. तिने मास्क लावला, पदर कपाळावर ओढला आणि माझ्या शेजारी येऊन उभी राहिली. तिची डावी पापणी थोडी उतरलेली आहे. फोटोतही ती तशीच दिसत होती, आणि तिच्या शेजारी मी. मास्कच्या वर तिचे डोळे भरून आले, तरी तिने ते पुसले नाहीत.

अधिकारी फोटो आणि आम्हाला आलटून-पालटून बघत होता. मग त्याने कारकुनाला लिहून घ्यायला सांगितलं. वकीलसाहेबांनी माझ्या खांद्यावर थोपटलं. दावा उभा राहिला, माझा पगार आता बहुतेक मिळणार होता.

ठेकेदाराचा माणूस फोटोकडे बघतच नव्हता. तो अक्काकडे बघत होता. मग फोन कानाला लावून तो बाहेर गेला, आणि मी ऐकलं, तो कुणाला तरी तिच्या मुलीचं नाव सांगत होता.