आज कशानं मेलो?

समस्त ग्रामस्थांस कळविण्यास अत्यंत दुःख होते की, लोधिवलीतले आमचे टेंपोवाले काका टीव्हीवर एकूण सात वेळा वारले. आणि सातही वेळा रात्रीच्या जेवणाला पाटावर हजर होते.

दोष काकूचा. लग्नाआधी ती नाटकांत कामं करायची. मुंबईत टीव्ही सुरू झाल्यावर तिथल्या नाटिकांसाठी तिला बोलावणी येऊ लागली. चेहरा लांबट, डोळे खोल. पहिल्याच नाटिकेत तिला विधवा केलं आणि पुढे दुसरं काही करायचं कुणाला सुचलंच नाही. कधी नायकाची आई, कधी शेजारीण, पण कपाळ मोकळंच.

आजीला, म्हणजे तिच्या सासूला, हे सोसवेना. नवरा जिवंत असताना कुंकू पुसायचं? शेवटी दोघींनी मिळून तोड काढली. मेकअपच्या खोलीत कपाळ पुसण्याआधी काकू पोटावर, निऱ्यांच्या आत, कुंकवाचं बोट टेकवायची आणि मंगळसूत्र कमरेला बांधायची. परतताना एसटीच्या थांब्यावर आजी करंडा घेऊन उभी. कुंकू लावल्याशिवाय सून गावात शिरायची नाही.

काका दारातच विचारायचे, "आज कशानं मेलो गं?"

"टायफॉइडनं."

"मागल्या खेपेला बोटीत बुडालो, ते बरं व्हतं. झटपट."

मग एका सकाळी बोरघाटात टेंपो उलटला आणि काका आठव्यांदा गेले. कशानं, ते या वेळी कुणी विचारलं नाही.

दहाव्याला आलेल्या बायका पडवीत बसूनच बोलल्या, "सारखी पुसायची. एकदा देवानं खरं धरलं."

आजीनं ऐकलं आणि गप्प राहिली. काकूला लागलं ते हेच. सासूही आपल्यालाच दोष देते का, एवढंच तिला जाणून घ्यायचं होतं, पण विचारायचा धीर होईना. वर्षभर दोघी एका चुलीपाशी बसून भाकरी-कालवणापुरतं बोलल्या. मुंबईची बोलावणी काकूनं नाकारली.

नंतर मुंबईहून एक पत्र आलं. नवऱ्या मुलाच्या आईचं काम, भरल्या घरातली सवाष्ण. मीच ते मोठ्यानं वाचून दाखवलं. आजी म्हणाली, "जा."

नाटिकेच्या संध्याकाळी सगळी आळी आमच्याकडे जमली. अँटेनाचा बांबू फिरवून मी आत आलो, तर काकू पडद्यावर हसत होती. हातभर बांगड्या, कपाळावर रुपयाएवढं कुंकू. आमच्या टीव्हीत ते काळंच दिसत होतं. खरी काकू स्वयंपाकघराच्या दारात बसली होती, सासूच्या पाठीकडे बघत. पडवीतल्या त्या बायकाही आल्या होत्या.

आजी सरकत सरकत टीव्हीला नाक लागेल इतकी पुढे गेली. बराच वेळ त्या कुंकवाकडे बघत राहिली. मग मागे वळून काकूला म्हणाली,

"म्हंजे ह्यात माजा ल्योक जित्ता हाय, नाय गं?"