आसेफीला मारलेली हाक

आमच्या डोंगरावर नाव ठेवताना माणूस मनातलं बोलून टाकतो. शेजाऱ्याशी भांडण झालं की मुलाचं नाव ‘बोलू देत त्यांना’. माझ्या कुत्र्याचं नाव ‘मला सगळं दिसतं’. त्याला हाक मारली की समोरची मादाम ओर्मिल अजून खिडकी आपटते.

शेजारच्या सेंतिल्यूसला सहावी मुलगी झाली तेव्हा त्याने नाव ठेवलं आसेफी. म्हणजे, पुरे झाल्या मुली. देवाला सरळ निरोपच! सुचवलं मीच; विशीतलं तोंड, ते कुठलं थांबायला. अंगणातली माणसं पोट धरून हसली. देवाने निरोप अर्धाच ऐकला. मुली थांबल्या, मुलगा काही आला नाही.

थोरल्या पाच जणी एकेक करून निघून गेल्या, कुणी राजधानीत, कुणी सीमेपलीकडे. राहिली ती ही, नको म्हटलेली. शेंगदाणे भाजायची, मिरची घालून त्यांचं लोणी वाटायची, शनिवारी जाकमेलच्या बाजारात विकायची. आई गेल्यावर बापाचं सगळं तिनेच केलं. आणि म्हातारा तिला हाक काय मारायचा? ‘अगं’. नाहीतर ‘ए पोरी’.

“जीभ जड झाली का रे?” मी चिडवायचो.

“ते नाव घेतलं की तिला दाराबाहेर ढकलल्यासारखं वाटतं, फिलोजेन.”

अंथरूण धरल्यावर त्याने ठरवलं, मरायच्या आत हे नाव बदलायचं. आम्हा चार शेजाऱ्यांना बोलावलं, तिच्या कपाळाला पाणी लावलं आणि म्हणाला, “आजपासून ही मेसीदिये.” म्हणजे, देवाचे आभार.

आसेफी हसली. “तिशी उलटल्यावर बारसं, बाबा? आता त्याचं जेवणही मलाच रांधायला लावाल.”

“चेष्टा नको. आवडलं का ते सांग.”

“आवडलं हो. सूप प्या आधी.”

तीन दिवसांनी सकाळी मी त्याच्या उशाशी बसलो होतो. ती दारासमोरच उखळात कॉफी कांडत होती. म्हाताऱ्याने हाक मारली, “मेसीदिये!”

मुसळ चालूच.

“मेसीदिये!”

तिने मान वर केली, कोण आलंय म्हणून रस्त्याकडे पाहिलं आणि पुन्हा कांडायला लागली.

“अजून रागावलीय,” तो पुटपुटला.

अरे, तिला सवय नाही, राग कसला, एवढंच म्हणायचं होतं मला. पण माझ्या तोंडाची खाज! “बघ, पोरगी भाव देत नाही तुझ्या नव्या नावाला,” म्हणालो आणि वर हसलो. त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. दुपारी सूप घेतलं नाही. ऊन उतरायच्या आत गेला.

नवव्या दिवसाची प्रार्थना आटोपली, माणसं पांगली, तेव्हा आसेफी माझ्यापाशी येऊन बसली.

“काका, त्या दिवशी तुम्ही तिथेच होतात. बाबांनी मला हाक मारली होती का?”

“मारली होती. दोनदा.”

“मी कुठे होते?”

“उखळापाशी.”

“मला वाटलं, रस्त्यावरच्या कुणाला तरी बोलावतायत.” मग म्हणाली, “मी ओ दिली नाही तेव्हा काय म्हणाले?”

कुणाच्या घरातलं काही ऐकलं की तासाभरात ते बाजारापर्यंत पोचवणारा माणूस मी.

“काही नाही,” म्हणालो.