तळची भाकरी

कुंडलिक जेवायला बसला की दुरडीतली तळची भाकरी कधी घेत नसे. गिरणीत दोन पाळ्या ओढून आलेला असो, पोटात कावळे ओरडत असोत, तळची एक तशीच ठेवून उठायचा. आमच्या चाळीला याचं मोठं नवल. माढ्याकडचा माणूस, दुष्काळ भोगलेला, आणि भाकरी ठेवून उठतो म्हणजे काय? कुणी म्हणायचं, नवस असंल. कुणी म्हणायचं, बायकोच्या हाताला चव न्हाय. लोकांना बोलायला काय जातंय. खरी गोष्ट वेगळीच आहे. ती सोलापुरात सुरू होते आणि सोलापुरातच संपते, मधे तेवढी डोंगरात जाऊन येते.

आधी घरातलं ऐका. कुंडलिक गिरणीत फिटर, राहायला चाळीतली एक खोली, बायको वच्छला. बहात्तरच्या दुष्काळात गावाकडची विहीर आटली तशी म्हातारी आई, थोरला भाऊ, भावजय आणि त्यांची पोरं त्या एका खोलीत येऊन राहिली. गिरणी निम्मी चालायची, निम्मी बंद. रेशनवर लाल मिलो, म्हणजे परदेशातून आलेली ज्वारी, मिळायचा. त्याची भाकरी थापताना तुटायची आणि खाताना घशाला टोचायची. तरी म्हातारीचा दंडक कडक होता, की दुरडी रिकामी झालीच पाहिजे. रान करपलेल्या साली दुरडीत भाकरी ठेवून उठणं म्हणजे अन्नाची थट्टा, असं ती बजावायची. आधी पुरुष जेवायचे, मग पोरं, मग म्हातारी आणि भावजय, आणि सगळ्यांत शेवटी भाकरी थापणारी वच्छला.

त्या साली वच्छलेला उपासांचं वेडच लागलं होतं. सोमवार, गुरुवार, शनिवार, वर एकादशी न् चतुर्थी. "आमच्या हिला समद्या देवांनी वाटून घेतलंय," असं कुंडलिक गिरणीत हसत सांगायचा. तिच्या मांडीवर तेव्हा तान्ही पोर होती. ती सारखी रडायची. कुणी म्हणालं दृष्ट लागली, कुणी म्हणालं पोट दुखतंय, डॉक्टरने बाटलीतलं औषध दिलं. पाऊस यायच्या आत पोर गेली.

पुढं पाऊस झाला, गावाकडची माणसं गावी गेली, खोली मोकळी झाली. पण कुंडलिकाला त्या मोकळ्या खोलीत जास्तच कोंडल्यासारखं व्हायला लागलं. आढ्याला पाळण्याची कडी तशीच लटकत होती. ती काढायचं कुणी नाव काढीना. नवरा-बायको कडीकडं बघायची नाहीत आणि एकमेकांकडंही फारसं बघायची नाहीत. पाळी संपली की कुंडलिक घरी यायचा सोडून रेल्वेच्या रुळाच्या कडेकडेने चालत सुटायचा, पार अंधार पडेस्तोवर.

मकदूम शिंप्यानं हे पाहिलं. गल्लीच्या तोंडाशी त्याचं शिलाईचं दुकान. पुण्याच्या डोंगर चढणाऱ्या पोरांना पाठपिशव्या शिवून देता देता त्याला स्वतःलाच चढायचा नाद लागला होता. "रुळावर काय चालतोस गड्या," तो म्हणाला, "चालायचंच हाय तर चल माझ्यासंगं. चार दिस डोंगरात फिरू. लोकांच्या घरी ऱ्हायचं, त्येंचंच खायाचं. लई चांगली मान्सं हाईत." कुंडलिक गेला आणि त्याला ते मानवलं. दरसाल गिरणीतले आणखी दोघे-तिघे जमवून तो नगर जिल्ह्यातल्या अकोल्याच्या पश्चिमेला, महादेव कोळ्यांच्या वाड्यांतून फिरून यायचा. वाट दाखवायला येडू नावाचा त्याच वस्तीतला माणूस. कुठल्या कड्यावरून कुठं उतरायचं, रात्री कुणाच्या पडवीत टेकायचं, हे सगळं तोच ठरवायचा. त्या चार-सहा दिवसांत कुंडलिकाला आढ्याची कडी आठवत नसे. वच्छला एकटी घरी काय करते, हे त्यानं कधी विचारलं नाही आणि तिनंही सांगितलं नाही.

पंच्याहत्तरच्या श्रावणात मात्र डोंगरानं त्यांना धरून ठेवलं. दोन डोंगर फिरून झाल्यावर शेवटचा मुक्काम येडूच्या स्वतःच्या घरी होता. सकाळी उतरून एस्टी गाठायची. पण रात्रीतून असा पाऊस लागला की सकाळी वाडीखालचा ओढा दिसेना, नुसता आवाज यायचा. येडूनं पलीकडं पाहिलं आणि मान हलवली. "आज नाय पावणं. हा उतरला का मग निघू." दुसऱ्या दिवशीही तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. वर कडा, खाली ओढा, मधे धुकं, आणि धुक्यात ते एक घर.

घर कसलं, कुडाच्या चार भिंती. एका अंगाला गुरं, एका अंगाला चूल, मधे पाहुणे. धूर बाहेर जायला बघायचा आणि पाऊस त्याला परत आत ढकलायचा. पाय पसरावा तर वासराला लागायचा. कपडे वाळेनात, विड्या पेटेनात, आणलेल्या कडक भाकऱ्या ओलीनं मऊ पडून कधीच संपल्या होत्या आणि शेंगाच्या चटणीला बुरशी आली होती. बरोबरचा शिधा येडूच्या बायकोच्या, बनाबाईच्या हवाली केला होता, पण तो एका मुक्कामाच्या हिशेबानं आणलेला. मकदूमनं पहिल्या दिवशी गोष्टी सांगितल्या, दुसऱ्या दिवशी त्याच सांगितल्या, तिसऱ्या दिवशी तोही गप्प झाला.

आणि आतल्या अंगाला पोर रडायचं. येडूचा मुलगा कामाला ओतूरकडं गेलेला, त्याची बायको हौसा घरी, तिचं ते तान्हं. आधी थांबून थांबून रडायचं, मग सारखंच. पावसानं कान किटले होते, पण कुंडलिकाला पाऊस ऐकू येत नव्हता. ते रडणं त्याच्या ओळखीचं होतं. आधी मोठ्यानं, मग घसा बसल्यासारखं, मग नुसतं कण्हणं. ज्याच्यापासून पळून इतक्या लांब यायचं तेच इथं चुलीपाशी बसलं होतं, आणि बाहेर जायला वाट नव्हती. तो पडवीत जाऊन कानावर हात ठेवून बसायचा. थंडी वाजतेय म्हणून बसलाय, असं बाकीच्यांना वाटायचं.

जेवण मात्र वेळेवर यायचं. हौसा आत नागलीच्या, म्हणजे नाचणीच्या, काळ्या भाकऱ्या थापायची आणि बनाबाई दुरडी आणून मधे ठेवायची. सोबत रानभाजी, कुळथाचं पाणी. येडू एक खाऊन उठायचा. कुंडलिक म्होरक्या, त्याला आईचा दंडक पाठ. लोकांच्या दारात दुष्काळी मुलखाची अब्रू राखायची म्हणून तो बरोबरच्यांना दटावायचा, "एकीचे चार तुकडे करा, वाटून घ्या, पर दुरडीत काय ठिवू नका. घरच्यांस्नी वाटंल आवडलं न्हाय." बरोबरचे गडी पोटावर हात फिरवत तळची भाकरी वाटून घ्यायचे. दुरडी पुसल्यासारखी स्वच्छ व्हायची.

बनाबाई रिकाम्या दुरडीकडं बघायची, थोडी थांबायची आणि ती उचलून आत न्यायची. मग आत पुन्हा पीठ मळल्याचा आवाज यायचा आणि आणखी भाकऱ्या यायच्या. "आता बास, मावशी," कुंडलिक म्हणायचा. बास तर सगळेच पाहुणे म्हणतात, त्याला कोण विचारतंय. दुरडी समोर आली की ती रिकामी करणं भाग. मकदूम पुटपुटायचा, "गड्या, ही बाई आपल्याला मारती बघ खायला घालून." अन्न घशाशी यायचं तरी कुंडलिक शेवटचा तुकडा पाण्याबरोबर खाली ढकलायचा.

चौथ्या दिवशी आतून एक आवाज आला. कोपऱ्यातल्या कणगीत हात खोलवर घालून, तळाशी खरवडून दाणे काढल्याचा. दुष्काळातल्या माणसाला हा आवाज दुसऱ्या कशासारखा वाटूच शकत नाही. कुंडलिक उठला आणि येडूला घेऊन ओढ्याकडं गेला. "दोर बांदू, कायबी करू, पर आमाला पलीकडं घाल." येडूनं कमरेइतक्या पाण्यात पाय घातला, एक दगड पायाखालून गडगडत गेला, तसा तो मागं फिरला. "तुमची हाडं घेऊन तुमच्या घरच्यांना काय तोंड दाखवू?" एवढंच बोलला. दोघं भिजून परत आले. घरात रडणं चालूच होतं.

कुडकुडत कुंडलिक विस्तवाला आत गेला. चुलीपाशी हौसा बसली होती, पोर मांडीवर. पोर छातीला तोंड लावायचं, ओढायचं, मान फिरवायचं आणि रडायचं. हौसेच्या पुढ्यात थाळी होती. तिच्यात नुसती उकडलेली भाजी, पाल्यासारखी, आणि मीठ.

"भाकरी न्हाय घेतलीसा?" कुंडलिकानं विचारलं.

हौसेनं पदर पुढं ओढला. "नाय राहिली."

"एवढ्या थापल्या की."

ती पोराकडं बघतच म्हणाली, "दादा, रागाऊ नका. तुमच्याकडं तळची भाकर ठेवीत नाय का?"

"कुणाला?"

"थापणारनीला. आमच्यात तळची भाकर तिची. पावण्यांनी ती ठेवली का समजायचं त्यांचं पोट भरलं. दुरडी मोकळी आली का समजायचं अजून भूक हाये, मग परत थापायची. आत्याबाईंना पेज चालती. पण तुमचं पोटच भरंना."

"आवं, मग बोलायचं की."

"पावण्याला कसं बोलायचं?" हौसा म्हणाली. मग पोराला दुसऱ्या अंगाला घेतलं. "दूध आटलंय. खाल्लं का यील परत."

कुंडलिक विस्तव न घेताच बाहेर आला. चार दिवस तो अब्रू राखत होता, आणि अब्रूचा एकेक तुकडा त्या पोराच्या तोंडातून निघत होता. त्याला स्वतःची इतकी शरम वाटली की मकदूमनं काय झालं विचारलं तर तो पाठ फिरवून पडवीत जाऊन बसला.

त्या सांजेला दुरडी आली. सगळ्यांनी एकेक घेतली, तळाशी एक उरली. हिंदुराव नावाचा गिरणीतला गडी सवयीनं ती मोडायला पुढं झाला. कुंडलिकानं त्याचा हात धरला. "ऱ्हाऊ दे ती."

"आवं, तुमीच तर म्हणता..."

"म्या म्हणत हुतो. आता न्हाय म्हणत."

सांगायला सोपं वाटतं. पण जन्मभर दुरडी पुसलेल्या माणसाला ती काळी भाकरी समोर पडलेली बघवेना. आई कानात ओरडत होती. बनाबाई आली, तिनं दुरडीत पाहिलं, आणि चार दिवसांत पहिल्यांदा तिच्या तोंडावरचा ताण गेला. "भरलं का पोट?" तिनं विचारलं. "भरलं मावशी," कुंडलिक म्हणाला, "लई भरलं." आतून भाकरी मोडल्याचा आवाज आला. पुढच्या जेवणापासून पाहुण्यांनी दोघांत एक भाकरी खाल्ली आणि तळाशी दोन ठेवल्या. पोर लगेच गप्प झालं नाही. पण दोन दिवसांनी ओढा उतरला आणि हे लोक निघाले, तेव्हा ते हौसेच्या खांद्यावर झोपलं होतं, ओठ हलवत. कुंडलिक तिथं नको इतका वेळ बघत उभा राहिला. येडूनं दोनदा हाक मारली तेव्हा हलला.

सोलापुरात तो दुपारी पोचला. गिरणीचा भोंगा होत होता. वच्छलेनं पाय धुवायला पाणी दिलं, चुलीपुढं बसून गरम भाकऱ्या थापल्या, दुरडी त्याच्या पुढ्यात सरकवली. एवढ्या दिवसांनी ज्वारीची भाकरी, तो खात गेला. खाता खाता हात तळाशी गेला आणि तिथंच थांबला.

"ही तुझी," तो म्हणाला.

वच्छलेनं वर पाहिलं. "न्हाय, घ्या तुमी. मला उपास हाय."

"कसला?"

"कसला म्हंजी? वाराचा."

"वार कोणता हाय आज?"

वच्छलेनं तोंड उघडलं. मग चुलीकडं बघितलं, दाराकडं बघितलं. वार काही तिला सांगता येईना. तिला तो ठाऊकच नव्हता. दुरडी मोकळी झाली की तोंडातून तेवढंच निघायची सवय होती.

कुंडलिकाच्या डोळ्यांपुढं त्या सालातले सगळे सोमवार, सगळे गुरुवार, सगळ्या एकादश्या रांगेनं उभ्या राहिल्या. त्यानं गिरणीत केलेली ती थट्टाही. त्याला विचारायचं नव्हतं, तरी विचारलं, "त्या साली बी आसंच हुतं का गं?"

वच्छला बराच वेळ परातीतलं कोरडं पीठ बोटानं गोळा करत राहिली.

"बारकीला दूध यायला माज्या पोटात काय तरी लागत हुतं की," ती म्हणाली. आवाज चढला नाही, रडली नाही. "तुमी कवा इचारलं न्हाय. म्या कुणाला सांगायचं?"

कुंडलिकाला दार उघडून रुळाकडं चालत सुटावंसं वाटलं. पाय तसे वळलेही. पण आता जायला जागाच उरली नव्हती. डोंगरातही हेच होतं. तो खाली बसला, दुरडी उचलून तिच्या पुढ्यात ठेवली आणि आपल्या ताटातली चटणी तिच्याकडं सरकवली.

वच्छला भिंतीकडं तोंड करून बसली. नवऱ्यासमोर एकटीनं जेवायची तिला सवय नव्हती. तिनं भाकरी मोडली आणि हळूहळू खाल्ली, सगळी खाल्ली. आढ्याच्या कडीखाली कुंडलिक तिची पाठ बघत बसून राहिला, ती हात धुवेपर्यंत.