चित्र मी थांबवायचं, खेळायचं भावाने

आज सकाळी कडावला माहेरी, धाकट्या भावाकडे गेले होते. डोकं तापवून परत आले, म्हणून इथे लिहितेय.

त्याच्या मुलाचा कॉम्प्युटरवरचा गेम अडकत अडकत चालत होता. भावाची मोठी मुलगी बसली, तिने रिझोल्यूशन कमी केलं, गेममधल्या सावल्या बंद केल्या आणि गेम सुरळीत पळायला लागला. ती जरा खेळायला लागली, तेवढ्यात माझा भाऊ म्हणाला, "झालं ना गं? ऊठ मग, भावाला बसू दे."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. हेच वाक्य मी याच घरात ऐकलंय. सत्याऐंशी-अठ्ठ्याऐंशीची गोष्ट. मामाने दुबईहून टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आणला होता. आमच्या ब्लॅक अँड व्हाइट टीव्हीवर त्याचं चित्र सारखं वर सरकायचं. टीव्हीच्या मागचं बटण हळूहळू फिरवून ते मीच थांबवायचे. थांबलं की आई म्हणायची, "झालं ना गं? ऊठ, भावाला बसू दे."

मी भावाला म्हटलं, "तेव्हा बसलास तो अजून उठला नाहीस." तर हसून म्हणतो, "ताई, गेम तर हाय, एवढं काय त्यात?"

एवढंच आहे, तर मुलीलाही खेळू द्या की. तुमच्या घरीही असंच चालतं का?

उठण्याआधी भाचीने सगळी सेटिंग्ज पुन्हा आधी होती तशी करून ठेवली.

मला हे तेव्हा का नाही सुचलं?